मदत हवी आहे: समाजमाध्यमांचा मतांवरील परिणाम ओळखावा कसा?

नमस्कार. समाजमाध्यमांनी राजकीय संवाद कसा बदलला, यावर मी एक दीर्घ लेख लिहीत असून एका मुद्द्यावर अडलो आहे.

‘सायन्स’ या नियतकालिकात २०१८ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात अमेरिकेतील एमआयटी या विद्यापीठाच्या संशोधकांनी २००६ ते २०१७ या काळात ट्विटरवर फिरलेल्या सुमारे १,२६,००० बातम्या तपासल्या. खोट्या बातम्या, विशेषतः राजकीय, खऱ्या बातम्यांपेक्षा अधिक वेगाने व दूरवर पसरतात आणि याला यंत्रचलित खात्यांपेक्षा (बॉट) माणसेच अधिक कारणीभूत असतात, असा त्यांचा निष्कर्ष होता. हा शेवटचा भाग मला फार अस्वस्थ करतो.

त्याच वर्षी केंब्रिज ॲनालिटिका या राजकीय सल्लागार कंपनीचे प्रकरण उघडकीस आले. सुमारे ८.७ कोटी फेसबुक वापरकर्त्यांची माहिती तिच्यापर्यंत पोहोचली असावी, असे फेसबुकनेच सांगितले. परंतु त्यामुळे किती मतदारांचे मत फिरले, हे एवढ्यावरून सिद्ध होत नाही. माझी अडचण इथेच आहे. पसंती (लाइक) आणि पुनर्प्रसारणाचे (शेअर) आकडे मिळतात, पण वाचणाऱ्याचे मत बदलले की आधीचेच अधिक घट्ट झाले, हे त्यांतून कळत नाही. व्हॉट्सॲपवरील खासगी संदेश तर कूटबद्ध असल्याने बाहेरून पाहताच येत नाहीत.

राज्यशास्त्र, पत्रकारिता किंवा तथ्यपडताळणी या क्षेत्रांत काम केलेल्यांनी कृपया सांगावे: हा फरक ओळखण्यासाठी आपण कोणती पद्धत वापरता? ठरावीक काळाने त्याच व्यक्तींच्या पुन्हा मुलाखती घेणे पुरेसे ठरते का, आणि बंद गटांतील संदेश सभासदांच्या संमतीने अभ्यासताना कोणती काळजी घ्यावी?