ब्रदर अँड्र्यू यांच्यावर बोलायचंय, तस्करीपलीकडचं काय घेऊ?

सुवार्ता_वाचक
तरुण संघाच्या सभेत ब्रदर अँड्र्यू यांच्यावर बोलायचं आहे, म्हणजे कम्युनिस्ट देशांत चोरून बायबलं नेणाऱ्या त्या डच मिशनरीवर. जिथे शोधावं तिथे तीच गोष्ट: फोक्सवॅगन बीटल, लपवलेली बायबलं, सीमेवरचे शिपाई. ऐकायला झकास. पण कायदा चुकवून पुस्तकं नेणाऱ्या माणसाला धर्मस्वातंत्र्याचा नेता का म्हणायचं, हे पोरं विचारणारच. काय सांगू?

जुना_पाळक
गाडीपासून सुरुवात करूच नका. पोलंडच्या वॉर्सापासून करा. १९५५चा जुलै, वय २७. डच ईस्ट इंडीजमध्ये (आताचं इंडोनेशिया) सैनिक असताना घोट्याला गोळी लागलेली, ग्लासगोत मिशनचं शिक्षण नुकतंच झालेलं. कम्युनिस्टांच्या युवक महोत्सवाला हे गृहस्थ ख्रिस्ती प्रचारपत्रिकांची बॅग घेऊन गेले आणि हिंडले मात्र तिथल्या मंडळ्यांतून, म्हणजे चर्चमधून. मंडळ्या होत्या, उपासना चालत होती, पण बाहेरून त्यांची विचारपूस करायला कुणी येत नव्हतं. बायबलमधल्या प्रकटीकरणाच्या तिसऱ्या अध्यायातलं, मरायला टेकलेलं जे उरलंय ते बळकट करण्याबद्दलचं वचन त्यांनी तिथेच धरलं. बायबलं भरलेली गाडी त्यानंतरची, १९५७ची, युगोस्लाव्हियाला जाताना.

आता कायद्याचं. सोव्हिएत संघाच्या १९३६च्या घटनेतलं १२४वं कलम मुलांना वाचून दाखवा. आस्तिकांना उपासनेची मोकळीक, पण प्रचाराची मोकळीक फक्त धर्मविरोधकांना! १९४८च्या मानवी हक्कांच्या जाहीरनाम्यातलं १८वं कलम धर्म बदलण्याचा, शिकवण्याचा हक्कही देतं; त्या मतदानात सोव्हिएत गट तटस्थ राहिला होता. पाळकाच्या हातात बायबल नाही आणि घटनेत मात्र उपासनेचं स्वातंत्र्य आहे, या दोन गोष्टींमधल्या फटीत अँड्र्यूंची गाडी शिरत होती. त्यांनीच उभारलेल्या ‘ओपन डोअर्स’ या संस्थेची ‘वर्ल्ड वॉच लिस्ट’ही तेच काम करते, फक्त उघडपणे: कुठल्या देशात ख्रिस्ती माणसाला काय सोसावं लागतं, याची दरवर्षीची नोंद.

निनाद_७
पाळकसाहेब, आदर राखून विचारतो. १९८१च्या जूनमध्ये ‘ओपन डोअर्स’ने चीनच्या शांतौजवळच्या किनाऱ्यावर एका रात्रीत दहा लाख बायबलं उतरवली. काही पोलिसांनी जप्त केली, काही समुद्रात गेली, आणि पकडले गेले ते स्थानिक विश्वासणारे. पुढे नानजिंगच्या ‘अॅमिटी’ छापखान्याने रीतसर परवानगीने छापायला घेतलं आणि २०१२पर्यंत दहा कोटींचा टप्पा गाठला, निर्यात धरून. मग सरळ मार्ग काय वाईट होता?

जुना_पाळक
वाईट मुळीच नव्हता, पण १९८१मध्ये तो छापखाना होता कुठे? छपाई सुरू झाली १९८७च्या सुमारास. त्या रात्रीची किंमत स्थानिकांनी मोजली, हे खरंच. बोलताना ते झाकू नका, सुवार्ता_वाचक.

आणि वेळ उरला तर, खरं तर वेळ काढाच, १९९०नंतरचे अँड्र्यू सांगा. मला तोच माणूस मोठा वाटतो. १९९२च्या डिसेंबरात इस्रायलने ४१५ पॅलेस्टिनींना दक्षिण लेबनॉनच्या मर्ज अल-झुहूरच्या माळावर हाकललं. बहुतेक हमासचे. हे साठी ओलांडलेले गृहस्थ थंडीत त्यांच्या तंबूंत जाऊन बसले. आपल्याच लोकांनी नाकं मुरडली! पण ज्यांच्या हातात उद्या सत्ता जाणार, त्यांच्या शेजारी तिथली छोटी मंडळी जगणार, त्यांच्याशी कुणी बोलायचं नाही का? लोखंडी पडद्याआडच्या कम्युनिस्ट देशांकडेही ते असेच गेले होते.

सुवार्ता_वाचक
हे कुठल्याच लेखात इतकं नव्हतं. तंबूंचा भाग नक्की घेते. नेदरलँड्सच्या राणीने सन्मान दिला होता ना?

जुना_पाळक
हो, १९९३मध्ये. एका वाक्यात उरका. २०२२च्या सप्टेंबरात वारले, वय ९४. आणि चीनची रात्र सांगणार असाल तर निनादचा आक्षेप तुम्ही स्वतःच मांडा, पोरांनी काढायची वाट पाहू नका.