२५ लाखांचं घरकर्ज शेवटी कितीला पडतं?

पिंप्राळेकर: जळगावात फ्लॅट बघतोय. कर्ज २५ लाख, व्याज ८.५ टक्के. २० वर्षांना हप्ता २१,७००, ३० वर्षांना १९,२००. बँकेतला माणूस म्हणतो, ३० घ्या, हलकं जाईल. घेऊ का?

भुसावळकर: भाऊ, हप्ता नका बघू, बेरीज बघा. २० वर्षांत ५२ लाख जातात, ३० वर्षांत ६९. महिना अडीच हजार वाचवायला १७ लाख जास्तीचे! आणि २० वर्षांचं घेतलं तरी पहिल्या हप्त्यात १७,७०८ नुसतं व्याजच. मुद्दल चार हजारसुद्धा फिटत नाही.

यावलची केळीवाली: आमच्याकडे बागेचा पैसा एकदम येतो, म्हणून आम्ही तो मुद्दलात टाकतो. वर्षभरानं एक लाख भरला, तर २० वर्षांच्या कर्जाचे शेवटचे २१ हप्ते उडतात. तरंगत्या, म्हणजे वर-खाली होणाऱ्या दराच्या घरकर्जावर त्याचा दंड लागत नाही. फक्त ‘हप्ता तोच, मुदत कमी’ असं लेखी द्या. उलट, दर वाढला की बँका गुपचूप मुदत लांबवायच्या. रिझर्व्ह बँकेच्या २०२३ च्या नियमानं आता बँकांना तुमची पसंती विचारावी लागते. विचारलं की हप्ता वाढवून घ्या.

भुसावळकर: मुद्रांक शुल्क, नोंदणी वेगळी. ते कर्जात धरू नका.

पिंप्राळेकर: मग २० चंच. आता बायकोला बेरीज दाखवतो, तिला ३० चं पटलं होतं.