शेतकऱ्याच्या घरातलं रडणं टीव्हीवर किती वर्षं दाखवायचं?

संकलक_वणी: शेतकरी आत्महत्यांमुळे २००६ साली पंतप्रधान मनमोहन सिंग विदर्भात आले, सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटींचं पॅकेज जाहीर झालं. तेव्हा यवतमाळच्या गावागावांत कॅमेरे फिरले. कापसाचा भाव पडला, पावसानं दडी मारली, निवडणूक लागली, की तीच दृश्यं संग्रहातून बाहेर निघतात. मी चित्रफितींच्या संकलनाचं काम करतो. एका तुकड्यावर नोंद होती: ‘विधवा, रडताना, जवळून’. नाव नाही, गाव नाही, तारीख नाही. हे थांबलंच पाहिजे. त्या बाईनं फार तर त्या दिवसाच्या बातमीला होकार दिला असेल, जन्मभराच्या वापराला नाही.

बातमीदार_अमरावती: अजिबात पटलं नाही. ते चेहरे दिसले म्हणून दिल्ली हलली. नुसत्या आकड्यांनी कोणाची झोप उडत नाही. कायद्यानंही चित्रणाचा हक्क ते करणाऱ्या संस्थेचा, प्रदर्शनानंतर ६० वर्षं. खाली ‘संग्रहित दृश्य’ लिहिलं की झालं.

घाटंजीवाला: झालं कसं, भाऊ? आमच्या मावशीचं असंच चित्र हाय. लागलं का गावातून फोन येते, ‘तुमची मावशी दाखवून राह्यले’. तिनं मागाहून शिलाई मशीन घेतली, पोरी शिकवल्या, एक नर्स झाली. टीव्हीत मात्र ती अजून तोंडाले पदर लावून त्याच वट्यावर बसली हाय. त्यात जुनं चौकोनी चित्र आडवं ताणलेलं, चेहरा फुगलेला, मागं सारंगी. तिले एकदा तरी कोनी इचारलं का?

बातमीदार_अमरावती: मावशींचं वाचून फार वाईट वाटलं. ताणलेलं चित्र आणि वरून लावलेली सारंगी, दोन्ही चूकच. चार-तीनचं, म्हणजे रुंदी चार तर उंची तीन असं जुनं चित्र आहे तसं ठेवून बाजूला काळ्या पट्ट्या सोडायच्या असतात. पण वापरच बंद करा, हे मान्य नाही. माहितीपटवाल्याला घरी जाऊन विचारायला वेळ असतो, संध्याकाळच्या बातमीला नसतो.

संकलक_वणी: वेळ नाही तर चेहरा लावू नका. बाजार समितीबाहेरची कापसाच्या गाड्यांची रांग लावा, तीही त्याच वर्षाची आणि त्याच तालुक्याची. भेगाळलेली जमीन कुठलीही उचलून यवतमाळची म्हणून खपवतात, तेही बंद करा. तुकडा संग्रहात टाकतानाच गाव, तारीख आणि होकार कशापुरता, हे लिहून ठेवायला किती वेळ लागतो?

बातमीदार_अमरावती: गाव-तारखेचं पटलं. चेहऱ्याचं नाही.

पांढरकवड्याची_ताई: मी बचत गटात काम करते. विचारलं तर कितीतरी जणी हो म्हणतील. पण त्यांना आज काय म्हणायचं आहे, तेही दाखवा. कर्ज कसं फेडलं, सातबारा नावावर करायला तलाठ्याकडे किती खेटे घातले, हे त्या कॅमेऱ्यासमोर धडाधड सांगतील.