गृहकर्ज: हप्ता सगळे विचारतात, बाकी कुणी विचारत नाही

हिशेबनीस

घर घेतलेल्या कुणालाही विचारा, हप्ता किती? उत्तर तयार. व्याजदर? तोही तोंडपाठ, शिवाय मेव्हण्याला पाव टक्का कमी कसा मिळाला ही हळहळ वर. पण पाच वर्षांनी मुद्दल किती उरलेलं असेल, असं विचारलं की माणूस आपल्याकडेच बघत राहतो.

साधा हिशेब मांडतो. ५० लाख कर्ज, साडेआठ टक्के, २० वर्षं. हप्ता ४३,३९१ रुपये. पहिल्या हप्त्यात ३५,४१७ व्याज आणि ७,९७४ मुद्दल. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरलात तर खिशातून २६ लाख गेलेले असतात आणि बाकी असते ४४ लाख ६ हजार. म्हणजे सहा लाखसुद्धा फिटलेले नाहीत. पूर्ण मुदत भरली तर एकूण १ कोटी ४ लाख, त्यातलं व्याजच ५४ लाख.

आता बिल्डरच्या ऑफिसात बसलेला कर्जाचा एजंट काय सांगतो? "सर, तीस वर्षं करू या, हप्ता हलका पडेल." हप्ता होतो ३८,४४६. महिन्याला पाच हजारही वाचत नाहीत आणि व्याज ५४ लाखांवरून ८८ लाखांवर जातं. चौतीस लाखांचा प्रश्न चहा येईपर्यंत निकालात निघतो! पाव टक्क्यासाठी तीन बँका पालथ्या घालणारे लोक मुदतीच्या रकान्यात मात्र एजंट लिहील त्या आकड्यावर सही करतात. माझ्या मते दरापेक्षा मुदत जास्त महागात पडते, आणि तिच्यावर घासाघीस कुणीच करत नाही. मतं येऊ द्या.

टवाळ

गृहकर्जाचा धागा म्हणजे शंभरी नक्की. कोपऱ्यातली जागा धरून बसलो आहे.

खडूस

साफ असहमत.

ही "१ कोटी ४ लाख" छापाची बेरीज मला कधीच पटलेली नाही. आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया एकाच रकान्यात कसे लिहिता? महागाई पाच टक्के धरा. शेवटचा ४३,३९१ चा हप्ता आजच्या १६,३५० रुपयांच्या आसपास असेल. सगळे २४० हप्ते याच पद्धतीने आजच्या किमतीत आणले तर बेरीज ६६ लाखांच्या आतबाहेर येते. ५० लाख आज हातात मिळाले, त्याचे ६६ लाख. फुकट नाही, पण "दुप्पट भरले हो" ही बोंबही खरी नाही.

आणि सुरुवातीच्या हप्त्यात व्याज जास्त, यात बँकेची लबाडी शोधणं सोडा. व्याज दर महिन्याच्या बाकीवर लागतं. पहिल्या महिन्यात ५० लाखांवर साडेआठ, शेवटच्या महिन्यात ४३ हजारांवर साडेआठ. ज्याने पाच वर्षांत घर विकलं त्याने पाच वर्षं तेवढे पैसे वापरले आणि त्याचं भाडं दिलं. यात दुखायचं काय?

कर्जतलोकल

खडूस यांच्याशी चक्क सहमत, तारीख लिहून ठेवा.

हिशेबनीस, तुमच्या हिशेबात घरभाडं कुठे आहे? कर्ज नसतं तर आपण काय झाडाखाली राहणार होतो? ७० लाखांच्या टू बीएचकेला आज २२ हजार भाडं धरलं आणि दर वर्षी पाच टक्के वाढ धरली, तर वीस वर्षांत ८७ लाख भाड्यात जातात. शेवटी हातात काय, तर डिपॉझिट. तेही रंगकामाचे पैसे कापून.

पैशांत न बसणारी बाब वेगळीच. अकरा महिन्यांचा करार, आणि मालकाच्या मुलाचं लग्न ठरलं की महिन्याभरात खोली खाली. मुलीची शाळा चालू असताना, पावसात, टेम्पोवर ताडपत्री टाकून सामान हलवलं आहे आम्ही. त्या वेळी कुणी महिना पाच हजार जास्त मागितले असते तरी दिले असते.

मनीप्लांट

ताई, ८७ लाख सांगितलेत तर मालकाचाही खर्च पुरता सांगा.

७० लाखांचा फ्लॅट पुण्यात घेतला की मुद्रांक शुल्क ७ टक्के, म्हणजे ४ लाख ९० हजार. नोंदणी फी ३० हजार. बांधकाम चालू असेल तर ५ टक्के जीएसटी, आणखी साडेतीन लाख. मुद्रांक शुल्क आणि नोंदणी बँक घराच्या किमतीत धरत नाही, ते पदरचे. वर २० लाख स्वतःचे. म्हणजे चावी हातात यायच्या आधी पंचवीस लाखांवर गेले. त्या पंचवीस लाखांवर आठ टक्के जरी मिळाले असते तरी वीस वर्षांत त्याचे १ कोटी १६ लाख होतात. भाडेकरू ते सोडून देतो का? पुढे सोसायटीचा मेंटेनन्स, मालमत्ता कर, आणि बारा-पंधरा वर्षांनी गच्ची गळायला लागली की प्रत्येकी वर्गणी.

करसवलतीच्या नावाने घर घेणाऱ्यांनी तर डोळे उघडावेत. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट, तीही जुन्या करप्रणालीत. वरच्या उदाहरणात पहिल्याच वर्षी व्याज ४ लाख २१ हजार आहे, अर्धंही झाकलं जात नाही. आणि नव्या करप्रणालीत ही वजावट नाहीच. तरी विक्रीवाले अजून "टॅक्स वाचेल" म्हणतातच.

कर्जतलोकल

मुद्रांक शुल्काचं म्हणाल तर फ्लॅट फक्त बाईच्या नावावर घ्या, महाराष्ट्रात एक टक्का सूट आहे. सत्तर हजार वाचतात. पण इथे नवऱ्यांना अचानक संयुक्त मालकीचं प्रेम येतं.

टवाळ

हे शेवटचं वाक्य बायकोला दाखवू नका, कृपया.

रेवती

तुम्ही सगळे साडेआठ टक्के वीस वर्षं जागचा हलणार नाही असं धरून भांडताय. दर तरता असतो, आणि तिथेच कर्जाची खरी किंमत ठरते.

२०२१ मध्ये ६.७ टक्क्यांनी कर्जं मिळत होती. ५० लाखांना, वीस वर्षांना, हप्ता ३७,८७०. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते तो, ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. रेपोशी जोडलेलं कर्ज ९.२ टक्क्यांवर पोचलं. दीड वर्ष हप्ते भरलेल्या माणसाची बाकी तेव्हा ४८ लाख १२ हजार. त्यावर महिन्याचं व्याज ३६,८९३. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जातात ९७७ रुपये. दर तिथेच राहिला असता तर हे कर्ज फिटायला चाळीस वर्षं! निवृत्तीचं वय आडवं येतं म्हणून बँका एवढी मुदत देत नाहीत, पण आधी मुदत ताणायची आणि अगदीच बसेना झालं की हप्ता वाढवायचा, हे सर्रास चाललं. लोकांना एसएमएस आला, "आपला व्याजदर बदलला आहे." मुदत किती झाली ते शोधायला लॉगिन करून चार पानं उघडावी लागायची. आमच्या घरात एका हाउसिंग फायनान्स कंपनीचं कर्ज होतं, तिथे मुदत वाढल्याचं विचारायला गेल्यावर कळलं.

याच कारणाने रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये बँकांना सांगितलं की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला निवडू द्या. म्हणून खडूसकाका, महागाईने हप्ता हलका होतो हे खरं, पण महागाई वाढली की रेपोही वाढतो. एका हाताने मिळतं ते दुसऱ्या हाताने जातं.

फ्रीमाँटकर

इथे अमेरिकेत चित्र उलटं आहे. नेहमीचं कर्ज तीस वर्षांचं आणि दर तीस वर्षं कायम. जानेवारी २०२१ मध्ये सरासरी दर २.६५ टक्क्यांपर्यंत उतरला होता, ऑक्टोबर २०२३ मध्ये ७.७९ झाला. ज्यांनी आधी घेतलं ते अजून जुन्याच दराने भरतात. दर वाढला की तोटा कर्ज देणाऱ्याचा, दर उतरला की आपण नवं कर्ज काढून जुनं फेडतो. फुकट काहीच नसतं, त्या शाश्वतीचे पैसे दरात आणि कागदपत्रांच्या खर्चात आधीच घेतलेले असतात. दुसरी बाजू म्हणजे तीन टक्क्यांत बसलेले लोक घर सोडायलाच तयार नाहीत, नोकरी दुसऱ्या गावी मिळाली तरी.

तिथे तीस वर्षांच्या मुदतीला नावं ठेवताना एवढं लक्षात घ्या की इथली तीस वर्षं आणि तिथली तीस वर्षं वेगळी आहेत. दर बांधलेला असेल तर मुदत लांब घेण्यात शहाणपण आहे. तरता असेल तर वाढीव दराचं ओझं तेवढी वर्षं अंगावर.

हिशेबनीस

खडूस, महागाईचा मुद्दा रास्त, पण तो पगार महागाईबरोबर वाढतो या भरवशावर उभा आहे. आयटीतल्या चाळिशीपुढच्या मंडळींना विचारून बघा. आणि बँक लबाडी करते असं मी म्हटलेलंच नाही. पाच वर्षांनी घर बदलणाऱ्याला हाती किती उरेल हे बाकीवर ठरतं, आणि तो आकडा त्याला ठाऊक नसतो.

आणखी एक चोरकप्पा राहिला. कर्जाबरोबर विमा गळ्यात मारतात, एकरकमी हप्त्याचा, आणि तो कर्जातच मिळवतात. दीड लाखाचा विमा वीस वर्षं साडेआठने फेडला की ३ लाख १२ हजारांना पडतो. शिवाय बऱ्याच पॉलिसींत विम्याची रक्कम कर्जाबरोबर उतरत जाते. तेवढ्याच रकमेचा वेगळा मुदत विमा घेऊन दर वर्षी हप्ता भरा, कर्जावर बोजा नको. विमा घेतल्याशिवाय कर्जच मंजूर होत नाही असं कुणी म्हणालं तर ते लेखी मागा. आवाज लगेच बदलतो.

१ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाला 'की फॅक्ट स्टेटमेंट' द्यावंच लागतं. त्यात सगळी शुल्कं धरून वार्षिक दर लिहिलेला असतो, विम्याचे पैसे बँकेने घेतले असतील तर तेही त्यात येतात, आणि महिन्यागणिक व्याज-मुद्दलाचा तक्ता जोडलेला असतो. सही करण्याआधी त्या तक्त्यात साठाव्या ओळीला बोट ठेवा.

सातबारा

आमच्या पिढीला एवढं गणित येत नव्हतं, कर्ज डोक्यावर नको एवढंच कळत होतं. बोनस आला, भर. पीक बरं आलं, भर. आजची पोरं एका हाताने साडेआठने कर्ज फेडतात आणि दुसऱ्या हाताने सात टक्क्यांची एफडी करतात. तीस टक्के कराच्या पट्टीत त्या सातचे पाचही उरत नाहीत.

मुलाकडून हिशेबनीस यांच्या आकड्यांवर हिशेब करून घेतला. पाच वर्षांनी एकदाच १० लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला तर १८० राहिलेल्या हप्त्यांचे ११५ होतात. पासष्ट हप्ते म्हणजे २८ लाख. १० भरून २८ वाचले. तरत्या दराच्या कर्जाला आधी पैसे भरल्याचा दंड बँक लावू शकत नाही. फक्त अर्जात "मुदत कमी करा, हप्ता नको" असं स्वच्छ लिहा, नाहीतर ते हप्ता कमी करून देतात आणि वीस वर्षं वीसच राहतात.

खडूस

ते २८ लाख पंधरा वर्षांत पसरलेले आहेत, १० आज जातात. पुन्हा तीच बेरीज. तेच १० लाख शेअर बाजाराच्या इंडेक्स फंडात पंधरा वर्षं ठेवले आणि दहा टक्के मिळाले तर ४१ लाख होतात.

सातबारा

मिळाले तर.

रेवती

आणि ठेवले तर. पंधरा वर्षं त्या फंडाला हात न लावणारं घर मी अजून पाहिलेलं नाही. मुलांची ॲडमिशन येते, गाडी येते.

नवखा

थोडं अवांतर. माझं कर्ज अगदी हिशेबनीस यांच्या उदाहरणासारखं, सात वर्षं झाली. दुसऱ्या बँकेचा रोज फोन येतो. आठ टक्के देतात, म्हणजे अर्धा टक्का कमी, आणि हप्ता ३४,२०० होईल म्हणतात. महिन्याला नऊ हजार वाचतील. करू का?

हिशेबनीस

मुदत किती लिहिली आहे ते बघा. अर्ध्या टक्क्याने हप्ता नऊ हजारांनी उतरत नाही. तुमची बाकी ४० लाख ८९ हजारांच्या आसपास असणार. आहे तिथे तेरा वर्षांत ६७ लाख ६९ हजार भराल. नव्या बँकेने पुन्हा वीस वर्षं केली असतील तर ८२ लाख. दर कमी होऊन चौदा लाख जास्त! तेराच वर्षं ठेवली तर हप्ता ४२,२४२ येतो आणि पावणेदोन लाखांच्या आसपास वाचतात. त्यातून प्रोसेसिंग फी, नव्या गहाणखताचा मुद्रांक आणि वकिलाचे पैसे वजा करा.

नवखा

वीसच लिहिली आहे. आत्ता मेल उघडून बघितलं.

रेवती

आधी स्वतःच्याच बँकेत जा. नव्या ग्राहकाला कमी स्प्रेड (रेपोच्या वर बँक लावते ते टक्के) आणि जुन्याला जास्त, हे चालतंच. अर्ज केला की पुष्कळदा थोडं शुल्क घेऊन तुमचाही कमी करतात. दुसऱ्या बँकेची ऑफर छापून बरोबर न्या.

नवखा

जातो. स्प्रेड कुठे लिहिलेला असतो?

रेवती

मंजुरीपत्रात. "रेपो दर अधिक इतके टक्के" असं वाक्य असेल, त्यातला "अधिक"च्या पुढचा आकडा. मंजुरीपत्र सापडत नसेल तर शाखेत प्रत मागा, आणि व्याज-मुद्दलाचा तक्ताही त्याच वेळी मागून घ्या.