फ्रेडीजची चौथी रात्र निघेना, मदत हवी आहे

मंडळी, २०१४ चा पहिला ‘फाइव्ह नाइट्स ॲट फ्रेडीज’ खेळतोय (भीतीदायक व्हिडिओ गेम: रात्रीचा पहारेकरी होऊन, मोजक्या विजेवर कॅमेरे, लाइट नि दारं चालवत सकाळी सहापर्यंत फ्रेडी, बॉनी, चिका, फॉक्सी या चालत्या यांत्रिक प्राण्यांपासून वाचायचं). तीन रात्री निघाल्या, पण चौथीला पाचच्या सुमारास वीज संपतेच. मग अंधारात फ्रेडीची ती धून, आणि मी खुर्चीला खिळलेला!

डावीकडे बॉनी, उजवीकडे चिका. लाइट मारून दिसले तरच दार लावतो. घोळ फॉक्सीचा आहे. कॅमेरा कमी बघितला की धावत येतो. दार वेळेत लावलं तरी ते ठोकून वीज खातो, तीही दर खेपेला आधीपेक्षा जास्त. सारखा कॅमेरा बघावा तर वीज त्यातच जाते.

तुम्ही किती वेळाने बघता? फ्रेडीसाठी उजवं दार कधी लावायचं? (आवाज बंद करून खेळ असं सांगू नका, पावलं ऐकूनच इथवर आलोय.)