वॉकर म्हणजे चालणारा नव्हे, तुडवणारा

वॉकर हे इंग्रजी आडनाव ऐकलं की कोणीतरी पायी भटकणारा पूर्वज असणार, असा अंदाज सहज केला जातो. चालणं त्यात आहे खरं, पण एका जागी! आडनाव धंद्यावरूनच पडलंय. मागावरून उतरलेलं लोकरीचं कापड तेलकट आणि विरविरीत असायचं. ते लाकडी किंवा दगडी हौदात पाणी आणि शिळं मूत्र घालून (होय, माणसाचंच, त्यातल्या अमोनियाने चिकटा सुटतो) अनवाणी पायांनी तासन् तास तुडवायचं. कापड आटतं, धागे एकमेकांत घट्ट बसतात, मग ते दाट आणि उबदार होतं. हे काम करणारा तो वॉकर. बाराव्या शतकापासून पाणचक्कीवरचे लाकडी हातोडे हेच काम करायला लागले, तरी नाव राहिलं ते राहिलंच.

गंमत म्हणजे याच धंद्याची आणखी दोन आडनावं आहेत. इंग्लंडात उत्तरेकडे वॉकर, आग्नेयेकडे फुलर आणि नैर्ऋत्येला डेव्हन-सॉमरसेटच्या बाजूला टकर, अशी ढोबळ विभागणी. त्यामुळे घराण्याचं मूळ इंग्लंडच्या कुठल्या भागातलं, याचा थोडाफार माग आडनावावरून लागतो. अर्थात आज लंडनमध्ये तिन्ही भेटतील. डेव्हनमधल्या एक्सेटर शहरात विणकर आणि टकर मंडळींच्या संघाची १४७१ची इमारत, टकर्स हॉल, अजून उभी आहे. आणि फुलर आपल्याकडेही ओळखीचा आहे बरं का. मुलतानी मातीच्या पुड्यावर इंग्रजीत ‘फुलर्स अर्थ’ लिहिलेलं असतं, तो हाच. कापडातलं तेल शोषायला तो असलीच माती वापरायचा.