किचनमध्ये पाण्याचं अंडरफ्लोर हीटिंग : बिल्डर म्हणतो ५० मिमी इन्सुलेशन पुरे, मला पटत नाहीये

रीडिंगवासी

नमस्कार मंडळी. घर इंग्लंडमध्ये रीडिंगला आहे, १९५०च्या आसपासचं सेमी डिटॅच्ड (एका बाजूने शेजारच्या घराला चिकटलेलं), आणि मागच्या बाजूला किचन वाढवतोय, आतलं माप ७ बाय ४ म्हणजे २८ चौरस मीटर. मागची अख्खी भिंत काचेच्या दारांची आणि दोन बाजूंना ओटा, त्यामुळे रेडिएटर लावायला जागाच उरत नाही, म्हणून जमिनीखाली पाईप टाकून गरम पाणी फिरवायचं असं ठरलंय.

खरं कारण मात्र आई. मागच्या नोव्हेंबरात धाकटीच्या वेळी आई-बाबा साताऱ्याहून चार महिने आले होते. आई पहाटे साडेपाचला उठणार, आंघोळ करून अनवाणीच किचनमध्ये येणार आणि देवासमोर बसणार, मोजे घाल म्हटलं तर मोजे घालून पूजा करत नाही म्हणते. जानेवारीपर्यंत तिच्या टाचा फुटून रक्त यायला लागलं होतं, रोज रात्री मी कोकम तेल लावून द्यायचो आणि सकाळी परत तीच गार फरशी. पुढच्या हिवाळ्यात ते पुन्हा येणारेत, तेव्हा ही जमीन गरम असायला हवी.

आता अडचण अशी की बिल्डर म्हणतोय पाईपखाली ५० मिमीचं फोमचं इन्सुलेशन पुरे, वर लिक्विड स्क्रीड (पाईप झाकणारा पातळ ओतायचा कोबा) ५० मिमी, आणि हीटिंग जोरात लावून दोन आठवड्यांत टाईल बसवून देतो. पाईप २०० मीटर लागेल, १००-१००चे दोन लूप (पाईपची वेटोळी), असं कोटेशनमध्ये लिहिलंय. सध्याचा कॉम्बी बॉयलर (नळाचं गरम पाणी आणि हीटिंग दोन्ही देणारा) तोच ठेवायचाय. स्लॅब अजून ओतलेला नाही, म्हणजे बदल करायचा तर आत्ताच. ज्यांनी हे केलंय त्यांनी सांगा ना, हे बरोबर आहे का? टाईल घ्यावी की लॅमिनेट? आणि पुढच्या खोलीत जुनी लाकडी तक्त्यांची जमीन आहे, तिथेही होईल का हे? आई-बाबा रात्री तिथेच झोपतात.

लेस्टरची_वैशाली

दादा, आधी ते ५० मिमी थांबवा. आमच्याकडे असंच चाललं होतं पण बिल्डिंग कंट्रोलच्या (बांधकामाचे नियम तपासणाऱ्या) माणसाने अडवलं म्हणून वाचलो. इंग्लंडच्या सध्याच्या नियमात एक्स्टेन्शनच्या जमिनीचा यू-व्हॅल्यू (उष्णता किती निसटते त्याचा आकडा, कमी तितका चांगला) ०.१८ च्या आत लागतो आणि ५० मिमीमध्ये तो सहसा बसत नाही, आम्ही १२० मिमी पीआयआर (कडक फोमचा) बोर्ड टाकला. जमीन गरम करायची म्हणजे खालची माती पण तुमच्याच पैशाने गरम होणार, इन्सुलेशनमध्ये वाचवलेले पैसे दर महिन्याच्या गॅस बिलात जातात. आणि हे नंतर बदलता येत नाही हो, बॉयलर बदलता येतो थर्मोस्टॅट बदलता येतो पण स्क्रीडखालचा बोर्ड कोण बदलणार?

भिंतीच्या कडेने जी फोमची पट्टी लावतात ती सगळीकडे नीट लागलीय का तेही बघा. स्क्रीड तापली की थोडी फुगते, तिला जागा लागते, शिवाय पट्टी नसेल तर कडेने उष्णता भिंतीत जाते.

दुसरं म्हणजे फोटो. स्क्रीड ओतायच्या आदल्या संध्याकाळी मी आणि मुलाने मिळून सगळ्या जमिनीचे फोटो काढले, भिंतीपासून मोजपट्टी टाकून, दर मीटरला एक. नंतर दीड वर्षाने मागच्या दाराला डोअर स्टॉपर लावायला एक माणूस आला, मी सांगितलं ड्रिल मारू नका चिकटवा, तर म्हणाला छोटंसंच भोक आहे. बॉयलरचं प्रेशर रोज थोडं थोडं उतरायला लागलं, तीन दिवस कळेचना. शेवटी फोटो काढून बघितलं तर पाईप नेमका त्या स्टॉपरखालून गेलेला. फोटोमुळे एकच टाईल फोडावी लागली, नाहीतर अख्खं किचन उकरलं असतं.

बाकी आता तीन हिवाळे झाले आणि मी खूप खूश आहे. आमच्याकडे थंडीत इडलीचं पीठ कधी फुगायचंच नाही, ओव्हनमध्ये दिवा लावून ठेवायचे तरी नाही. आता रात्री पातेलं झाकून डायनिंगच्या कोपऱ्यात जमिनीवर ठेवते, खाली दुमडलेला नॅपकिन, सकाळी झाकण वर उचललेलं असतं. सासूबाई पाटावर बसून भाजी निवडतात ते पण तिथेच. आईंना नक्की आवडेल.

टाईलच घ्या. लॅमिनेट चालतं पण त्याच्या पृष्ठभागाला बहुतेक कंपन्या २७ अंशांची मर्यादा घालतात, तुमच्या काचेच्या भिंतीजवळ ते कमी पडू शकतं.

स्टुटगार्टचा_यंत्रवाला

मी मेकॅनिकल इंजिनिअर, जर्मनीत हीटिंग डिझाईनचंच काम करतो, इथे नव्या घरांत जमिनीखालचं हीटिंग अगदी नेहमीचं आहे. वैशालीताईंनी इन्सुलेशनचं बरोबर सांगितलंय, मी लूपच्या हिशोबाबद्दल बोलतो.

तुमच्या बिल्डरने २८ चौरस मीटरला सरसकट पाईप धरलाय. दोन पाईपमध्ये १५० मिमी अंतर ठेवलं तर चौरस मीटरला साधारण ६.७ मीटर पाईप लागतो, २८ ला १८८ आणि वर मॅनिफोल्डपर्यंतची (जिथून सगळे लूप सुटतात तो जोड) ये-जा, म्हणून २००. पण ओट्याखाली, आयलंडखाली (मधल्या सुट्या ओट्याखाली), फ्रीजखाली पाईप टाकायचाच नसतो, तिथे उष्णता कोंडते आणि कामाला येत नाही, उलट खालच्या कपाटातलं धान्य-पीठ लवकर खराब होतं. ते वजा करा, मोकळी जमीन बहुतेक २१ च्या आसपास उरेल. २१ ला १४० मीटर, ये-जा धरून १६० पकडा, ८०-८०चे दोन लूप. १६ मिमीच्या पाईपला १०० मीटर ही वरची मर्यादा मानतात, त्याच्या पुढे पंपाला पाणी ढकलायला जड जातं. दोन्ही लूप जवळपास सारख्या लांबीचे ठेवा म्हणजे मॅनिफोल्डवर बॅलन्सिंग (दोन्हीत पाणी सारखं वाटणं) सोपं जातं. काचेच्या दारांलगत पहिला एक मीटर पट्टा मात्र १०० मिमी अंतराने टाकायला सांगा, थंडी तिथूनच येते, त्याने थोडा पाईप वाढेल पण मर्यादेत बसेल.

आता पुरेल का? जमीन खोलीपेक्षा जितके अंश गरम, तितक्या प्रत्येक अंशामागे चौरस मीटरला साधारण ११ वॉट उष्णता मिळते. खोली २० आणि जमीन २६ धरली तर ६६ वॉट, गुणिले २१, म्हणजे १४०० वॉटच्या जवळपास. जमीन २९ च्या वर न्यायची नसते, युरोपियन मानकात राहत्या जागेला तीच मर्यादा आहे, म्हणजे फार तर २१०० वॉट. एवढी काच असताना तुमच्या खोलीचा हीट लॉस (बाहेर निसटणारी उष्णता) याच्यात बसतो का ते लेखी काढून मागा. 'आमचा अंदाज आहे' असं म्हणाले तर ऐकू नका.

कॉम्बी बॉयलर चालेल. पण रेडिएटरना ६०-६५ अंशांचं पाणी जातं आणि जमिनीला ४० च्या आसपास हवं, म्हणून मॅनिफोल्डवर मिक्सिंग व्हॉल्व (गरम पाण्यात परतीचं गार पाणी मिसळणारा) आणि वेगळा पंप लागेल. आणि एक बघा, बॉयलरचं कमीत कमी आउटपुट किती आहे? ते ५-६ किलोवॉट असेल आणि जमीन एकटीच दीड मागत असेल तर बॉयलर दर दोन मिनिटांनी चालू-बंद होत राहतो. किचनबरोबर एखादा रेडिएटर त्याच वेळी चालू राहील असं जोडून घ्या. पुढेमागे हीट पंप (विजेवर बाहेरची उष्णता घरात आणणारं यंत्र) घ्यायचा असेल तर ही जमीन तुमच्या फायद्याचीच आहे, पाणी जितकं कोमट तितका हीट पंप कमी वीज खातो. इंग्लंड-वेल्समध्ये त्याला ७५०० पौंडांचं अनुदान पण आहे.

शेवटचं आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचं. स्क्रीड ओतायच्या आधी पाईपमध्ये पाणी भरून ६ बारला प्रेशर टेस्ट करा आणि ओतताना पण पाईप पाण्याने भरलेला, प्रेशरखाली ठेवा, गेज लावून. रिकामा पाईप लिक्विड स्क्रीडमध्ये तरंगतो, आणि गेजचा काटा पडला तर स्क्रीड ओली असतानाच कळतं. काम जानेवारीत गेलं आणि दारं बसलेली नसतील तर मात्र पाणी भरून सोडून देऊ नका, एका रात्रीत गोठतं.

पाचगणीकर

मध्येच विचारतो, माफ करा. आमचा पाचगणीला बंगला आहे, डिसेंबर-जानेवारीत फरशी बर्फासारखी होते. हे तिथे करता येईल का?

स्टुटगार्टचा_यंत्रवाला

करता येईल हो पण मी नाही सांगणार. ही सिस्टीम हळू चालते, जाड कोबा तापायला तीन-चार तास घेतो, ती महिनोन्महिने सतत चालवायची वस्तू आहे. घराला इन्सुलेशन नाही, खिडक्या एका काचेच्या, तुम्ही शनिवारी पोचणार आणि जमीन तापेपर्यंत रविवारी निघणार. त्यापेक्षा खिडक्यांच्या फटी बुजवा आणि जाड सतरंजी टाका, फरक लगेच जाणवेल.

ब्रमचा_मनोहर

दोन आठवड्यांत टाईल हे वाचलं आणि राहवलं नाही म्हणून लिहितोय. आमच्याकडे बर्मिंगहॅमला नेमकं हेच झालं. लिक्विड स्क्रीड, जिप्समची, ५० मिमी. अठराव्या दिवशी टाईलवाला आला, वरून कोरडी दिसते म्हणाला, मी पण घाईत, दिवाळीला सगळ्यांना बोलावलेलं. दिवाळी झाली छान. डिसेंबरात हीटिंग वाढवलं आणि एका रात्री काहीतरी कडकन वाजलं, आम्हाला वाटलं वर भांडं पडलं. सकाळी बघतो तर मधल्या दोन टाईल एकमेकींना टेकून उचलल्या गेलेल्या. नाण्याने वाजवत गेलो तर निम्म्या खोलीत बद्द आवाज. हाताने उचलली तर टाईल सहज वर आली, मागे ॲडहेसिव्ह जसंच्या तसं आणि त्याला पिठीसाखरेसारखी पांढरी भुकटी चिकटलेली.

नंतर कळलं ती भुकटी काय होती. या स्क्रीडवर वाळताना दुधावर साय धरते तसा एक मऊ थर येतो, तो मशीनने घासून काढावा लागतो, तो काढलाच नव्हता. वरून सिमेंटचं ॲडहेसिव्ह, प्रायमर न लावता. जिप्सम आणि सिमेंट ओलाव्यात एकत्र आले की त्यांची आपसात रिॲक्शन होते आणि पकड सुटते. टाईलवाला म्हणे बिल्डरची चूक, बिल्डर म्हणे टाईलवाल्याची, दोघांनी पैसे घेतलेले आणि खर्च माझ्या गळ्यात.

तर वाळण्याचा हिशोब असा धरा. पहिल्या ४० मिमीला दिवसाला १ मिमी, त्याच्या वर दिवसाला अर्धा. ५० मिमी म्हणजे साठ दिवस, तेही खिडक्या उघडून, हवा खेळती ठेवून. जिप्समच्या स्क्रीडमध्ये सात दिवसांनी हीटिंग लावून वाळवणं चालतं, पण पहिले तीन दिवस पाणी २५ अंशांवर, मग हळूहळू वाढवायचं, जोरात अजिबात नाही. सिमेंट-वाळूची असेल तर २१ दिवस हीटिंगला हातच लावायचा नाही. आणि वाळली की नाही हे डोळ्यांवर सोडू नका, हायग्रोमीटर (ओलावा मोजायचं यंत्र) ठेवून ७५ टक्क्यांच्या खाली आल्याशिवाय टाईलवाल्याला फोनच करू नका. दिवाळी असो नाहीतर मुंज असो.

लेस्टरची_वैशाली

मनोहरदादांना शंभर टक्के अनुमोदन. आणि तुमच्या पुढच्या खोलीचं राहिलंच. लाकडी जमिनीवर बारीक पाईपचे पातळ बोर्ड मिळतात, पण जमीन २० मिमीच्या आसपास वर येते, दारं खालून तासावी लागतात आणि जिन्याची पहिली पायरी छोटी होते. शिवाय आई-बाबा गादी जमिनीवर टाकत असतील तर गादीखाली उष्णता कोंडून राहते आणि खोलीला काही मिळत नाही. तिथे रेडिएटरच राहू दे, फक्त तक्त्यांखाली जॉइस्टच्या (तक्ते पेलणाऱ्या लाकडी तुळयांच्या) मधे इन्सुलेशन भरून घ्या, पण बाहेरच्या भिंतीतल्या हवेच्या जाळीच्या विटा बुजवू नका, लाकूड सडतं.

रीडिंगवासी

सगळ्यांचे मनापासून आभार, एवढं कोणी पैसे देऊन पण सांगितलं नसतं. काल बिल्डरशी बसून बोललो. इन्सुलेशन १२० करायला तयार झाला, त्यासाठी ७० मिमी जास्त खणावं लागेल, त्याचे वेगळे पैसे मागितले, देतोय. ओट्याखालचा पाईप वगळून नवीन ड्रॉइंग येतंय, लूप ८२ आणि ७८ मीटर. हीट लॉस लेखी मागितला तर आधी जरा वैतागला पण पाठवतो म्हणाला. पुढची खोली आहे तशीच ठेवतोय. बॉयलरच्या मॅन्युअलमध्ये कमीत कमी आउटपुट ६.१ किलोवॉट निघालं, म्हणजे पॅसेजचा रेडिएटर किचनबरोबर जोडून घ्यावा लागेल, ते इलेक्ट्रिशियनला सांगितलंय.

टाईलचं मात्र ऑगस्टचं ठरलं होतं ते ऑक्टोबरवर गेलं. आईला फोनवर सांगितलं की तुम्ही आलात की किचन कदाचित अर्धवट असेल, तर म्हणाली जमीन वाळू दे नीट, मी पंधरा दिवस उशिरा येईन.

एक राहिलंय, यंत्रवाले. देव्हारा ईशान्येच्या कोपऱ्यात जमिनीवरच ठेवणार आहे, लाकडी, साधारण दोन फूट रुंद. त्याच्याखाली पाईप वगळू का? आई त्याच्या समोर बसते, तिथे तर हवाच आहे.

स्टुटगार्टचा_यंत्रवाला

देव्हाऱ्याखालचा दोन फूट वगळा, सागवान असेल तर सततच्या उष्णतेने सांधे उघडतात. त्याच्या पुढच्या एक मीटरला पाईप १०० मिमी अंतराने घ्या, काचेजवळ घेतोय तसाच. ड्रॉइंगवर आत्ताच चौकोन काढून द्या, पाईप टाकायच्या दिवशी तोंडी सांगून नाही चालणार.

रीडिंगवासी

आजच काढून पाठवतो. पाईप टाकतील त्या दिवशी सुट्टी घेतली आहे, मोजपट्टी टाकून काढलेले फोटो इथे टाकेन.